वाचकांचे प्रश्न : फाटलेली पुस्तकं, उरलेली पुस्तकं

गेल्या अंकात बालसाहित्याच्या इतिहासाचा अभ्यास कसा चालतो यावर लिहिलं होतं. विषय तसा कोपऱ्यातला, त्यामुळे एवढी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. सगळ्यांना उत्तरं देणं शक्य नाही, म्हणून सारखे प्रश्न एकत्र केलेत, नावं काढून टाकलीत आणि दोनतीन पत्रांतला रागही थोडा कमी केलाय.

प्रश्न : शिक्षकांच्या कोर्सला असताना ‘बालसाहित्याची सुरुवात १७४४, जॉन न्यूबेरी’ असं आमच्याकडून पाठ करून घेतलं होतं. तुमच्या लेखात हे वाक्य कुठेच नाही. विसरलात की मुद्दाम टाळलंत?

मुद्दाम टाळलं. चूक आहे म्हणून नाही, तर ते वाक्य एकदा आलं की पुढचं सगळं झाकलं जातं म्हणून. न्यूबेरी या प्रकाशकाने १७४४ साली लंडनमध्ये ‘अ लिटल प्रिटी पॉकेट-बुक’ काढलं हे खरंच आहे, आणि ते काढलं कसं ते बघण्यासारखं आहे. पुस्तक सहा पेन्सला, वर दोन पेन्स दिले की मुलाला चेंडू आणि मुलीला टाचण्या खोचायची छोटी उशी. चेंडू असो की उशी, एक बाजू लाल आणि एक काळी, चांगलं वागलं की लाल बाजूला टाचणी आणि वाईट वागलं की काळ्या बाजूला, आणि पुस्तकात इंग्रजी लोककथेतल्या राक्षस मारणाऱ्या जॅकचं पत्रच छापलंय की बाळा, दहाच्या दहा टाचण्या लाल बाजूला गेल्या तर एक पेनी पाठवीन, काळ्या बाजूला गेल्या तर छडी पाठवीन! खाऊच्या पाकिटात खेळणं टाकून विकायची आयडिया आजकालची वाटते ना, ती तेव्हापासूनची. आणि हा माणूस तापाची पावडरही विकायचा, तर त्याने १७६५ ला काढलेल्या ‘गुडी टू-शूज’मध्ये नायिकेचा बाप तापाने मरतो तो कुठे, तर जिथे डॉक्टर जेम्सची पावडर मिळत नाही अशा ठिकाणी. डोळ्यात पाणी आणायचं आणि त्याच वाक्यात जाहिरातही उरकायची, धन्य आहे.

आता गंमत बघा. त्या १७४४ च्या पहिल्या एडिशनची एकही प्रत आज जगात नाही. सगळ्यात जुनी म्हणून जी मिळते ती १७६० ची, दहावी एडिशन. साल कळतं ते वर्तमानपत्रातल्या जाहिरातीवरून. म्हणजे पंधरासोळा वर्षांत नऊ एडिशन छापून, विकून, वाचून, चावून, फाडून संपल्या. मला विचाराल तर पुस्तक खपलं आणि वापरलं गेलं याचा याहून चांगला पुरावा नाही. पण अभ्यासकाची पंचाईत इथेच सुरू होते, जे पुस्तक मुलांनी जीव लावून वाचलं ते उरत नाही आणि जे कपाटात नीट राहिलं ते वाचलंच गेलं नव्हतं की काय अशी शंका येत राहते. पुढच्या उत्तरांत हे परत परत येणार आहे, तयारी ठेवा.

शिवाय न्यूबेरी एकटा नव्हता. थॉमस बोरमन १७४० पासून तळहातावर मावतील एवढ्या पुस्तकांची मालिका काढत होता, आधी पैसे भरून वर्गणीदार झालेल्या मुलांची नावं तो पुस्तकात छापायचा. मेरी कूपर नावाच्या बाईने साधारण १७४४ च्याच सुमारास बडबडगीतांचं एक पुस्तक काढलं, त्यात बा बा ब्लॅक शीप आहे, लंडन ब्रिज आहे, आणि अंथरूण ओलं करणाऱ्याला चिडवायचं एक गाणंही आहे, जे नंतरच्या सभ्य संग्रहांतून गुपचूप गायब झालं. त्याच्याही आधी १६५८ ला कोमेनियसने न्युरेंबर्गमध्ये चित्रांचं पुस्तक काढलं होतं, त्यात मुळाक्षरं प्राण्यापक्ष्यांच्या आवाजांवरून शिकवलीत.

मग १७४४ हेच का? तर हार्वे डार्टन नावाच्या अभ्यासकाने १९३२ ला इंग्लंडमधल्या बालपुस्तकांचा जो मोठा इतिहास लिहिला त्यात त्याने रेघ आखली, की मुलाला मुख्यतः आनंद मिळावा म्हणून छापलेलं ते आपलं, निव्वळ शिकवण्यासाठीचं बाजूला. डार्टन स्वतः जुन्या प्रकाशक घराण्यातला, त्यामुळे छापील पुस्तक आणि बाजार या नजरेनं बघणं त्याला साहजिकच होतं. पुढे सेथ लेररने २००८ ला इतिहास लिहिला तो इसापपासून सुरू केला, कारण त्याच्या हिशोबाने मुलं जे वाचत आली ते सगळं यात धरायचं. गिलियन अॅडम्सने तर १९८६ ला थेट प्राचीन इराकमधल्या सुमेरच्या शाळकरी मुलांच्या मातीच्या पाट्यांपर्यंत जाऊन विचारलं, हे का नाही धरायचं? थोडक्यात रेघ कुठे मारता त्यावर तारीख ठरते. परीक्षेत मात्र १७४४ च लिहा, मार्क जातील उगाच.

प्रश्न : माझ्या भाचीला लहान मुलांच्या पुस्तकांच्या इतिहासावर पीएचडी करायची आहे. घरात सगळे हसतात, की गोष्टीची पुस्तकं वाचून डॉक्टर होणार. असले लोक दिवसभर नक्की करतात काय?

हसू दे की. मॅथ्यू ग्रेन्बी नावाचे ब्रिटिश प्राध्यापक आहेत, त्यांचं २०११ चं १७०० ते १८४० मधल्या बालवाचकावरचं पुस्तक भाचीने आधी बघावं. त्यांनी काय केलं, तर लायब्ऱ्यांमधली जुनी बालपुस्तकं हजारोंनी उघडली आणि छापलेला मजकूर बाजूला ठेवून मुलांनी त्यावर काय खरडलंय ते बघितलं. नावं, तारखा, कोणी कुणाला दिलं, शाईचे डाग, घोड्याला काढलेल्या मिशा, काळ्या-पांढऱ्या चित्रात भरलेले रंग. ‘हे पुस्तक चोरशील तर फाशी जाशील’ अशा अर्थाचं यमक तर त्या काळी मुलं सर्रास लिहायची. एकाच पुस्तकावर आधी एक नाव, मग त्याच आडनावाचं दुसरं, मग बऱ्याच वर्षांनंतरची तारीख, म्हणजे पुस्तक एका पिढीकडून दुसऱ्या पिढीकडे गेलं, आणि आपण ज्याला एका दशकाचं साहित्य म्हणून टेबलात टाकतो ते प्रत्यक्षात दोन पिढ्या वाचत होत्या. हे प्रकाशकाच्या कॅटलॉगवरून कधीच कळलं नसतं.

लायब्ररीवाल्यांना ‘स्वच्छ प्रत’ हवी असते, संग्राहकाला तर हवीच असते, आणि इतिहासकाराला नेमकी घाणेरडी प्रत लागते. हे भांडण जुनं आहे.

दुसरं उदाहरण जेन जॉन्सनचं, हे मला सगळ्यात आवडतं. अठराव्या शतकातली इंग्लंडमधल्या एका पाद्र्याची बायको. तिने आपल्या मुलांना वाचायला शिकवायला घरीच सगळं साहित्य बनवलं होतं, अक्षरांची कार्डं, शब्दांची कार्डं, छापील चित्रं कापून, रंगवून, चिकटवून केलेल्या पट्ट्या, शिवलेली इवलीशी पुस्तकं, कडेला सोनेरी नक्षीचा कागद. असे चारशेच्या वर तुकडे आहेत. ते सगळं एका अमेरिकन संग्राहक कुटुंबाकडे पोचलं होतं आणि तिथून इंडियाना विद्यापीठाच्या लिली लायब्ररीत आलं, मग विसाव्या शतकाच्या शेवटी अभ्यासकांनी त्यावर काम सुरू केलं. तिने जॉर्ज आणि बार्बरा या पोरांसाठी एक गोष्टही लिहून ठेवली, तिचं साल काय माहितीये, १७४४! न्यूबेरी तिकडे चेंडू विकत होता आणि ही बाई इकडे घरात बसून तेच काम फुकट करत होती, फक्त हिचं नाव इतिहासात यायला अडीचशे वर्षं लागली, कारण हिने काही छापलं नाही. आणि अशी काम करणारी ही एकटीच असेल असं मानायला काही कारण नाही, हिचे तुकडे राहिले एवढंच. (तीच बार्बरा पुढे मोठी होऊन आयुष्यभर आपल्या प्रत्येक कपड्याचा तुकडा किंमतीसकट वहीत चिकटवत राहिली, ती वही लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आहे. आईने कापाकापी-चिकटवाचिकटवी शिकवली ती वाया गेली नाही.)

तर भाचीला सांगा, दिवसभर धूळ खायची, हस्ताक्षरं लावायची, चर्चच्या नोंदीत नावं शोधायची, आणि महिनाभर काहीच हाती न लागण्याची सवय ठेवायची. घरच्यांना सांगा, हा गुप्तहेराचा धंदा आहे.

प्रश्न : ग्रिम बंधूंच्या गोष्टी ओरिजिनलमध्ये फार भयानक होत्या, नंतर मुलांसाठी गुळगुळीत केल्या असं ऐकलंय. माझी मुलगी आठ वर्षांची आहे, तिला खऱ्या ओरिजिनल वाचून दाखवू का?

आधी ‘खऱ्या ओरिजिनल’चं बघू, मग मुलीचं.

१८१२ ला पहिला खंड आला तेव्हा तो मुलांसाठी कमी आणि पंडितांसाठी जास्त होता, चित्रं नाहीत, शेवटी टिपा. त्यात स्नो व्हाइटच्या जिवावर उठलेली बाई तिची सख्खी आई आहे, सावत्र ती १८१९ च्या एडिशनमध्ये झाली. हॅन्सेल-ग्रेटेलची आई तर १८४० पर्यंत सख्खीच राहिली. रापुन्झेल १८१२ मध्ये अगदी भाबडेपणाने विचारते की हल्ली माझे कपडे इतके घट्ट का व्हायला लागलेत, म्हणजे राजपुत्र येऊन गेल्याचं तिथेच फुटतं, पुढे हे वाक्य बदलून टाकलं. मुलं खाटीक-खाटीक खेळतात आणि खरंच गळा कापला जातो अशी एक गोष्ट होती ती सरळ काढली. पण म्हणून सगळंच गुळगुळीत झालं असं नाही हां, शरीराचं, गरोदरपणाचं जे जे होतं ते गेलं आणि दुष्टांच्या शिक्षा बऱ्याच ठिकाणी राहिल्या, काही तर वाढल्या. त्या काळच्या पालकांना रक्ताचं वावडं नव्हतं, पोटाचं होतं. १८२३ ला इंग्रजी भाषांतर क्रुकशँकच्या चित्रांसकट निघालं ते चांगलं चाललं, ते बघून ग्रिमनी १८२५ ला पन्नास गोष्टींची छोटी, सचित्र एडिशन काढली. म्हणजे बदल नैतिकतेमुळे झाले तसे गिऱ्हाईक कोण आहे हे कळल्यामुळेही झाले.

आता १८१२ तरी मूळ का? तर नाही. १८१० ला त्यांनी आपलं हस्तलिखित ब्रेंटानो या कवीमित्राला पाठवलं होतं, त्याने ते परत केलंच नाही (असे मित्र सगळ्यांना असतात). ग्रिमनी स्वतःकडचे कागद नष्ट केले, पण ब्रेंटानोकडचं बाड आल्सासमधल्या ओलेनबर्ग मठात सापडलं आणि विसाव्या शतकात छापलं गेलं. हाइन्झ रोलेके या जर्मन अभ्यासकाने १९७५ ला ते हस्तलिखित आणि १८१२ चा मजकूर समोरासमोर छापला, की बघा, कुठे काय वाढवलं. त्याच माणसाने आणखी एक फुगा फोडला. या गोष्टी ‘म्हाताऱ्या मारी’ नावाच्या मोलकरणीने सांगितल्या असं विल्हेल्म ग्रिमच्या मुलाने पसरवलं होतं आणि सगळे तेच लिहीत आले. रोलेकेने कागदपत्रं लावून दाखवलं की ही मारी म्हणजे विशीतली, सुशिक्षित घरातली मारी हासेनफ्लुग, आणि तिच्या आईकडचे लोक फ्रान्समधून आलेले प्रॉटेस्टंट. म्हणजे अस्सल जर्मन खेड्यातली चूल, म्हातारी, लोकपरंपरा, हे सगळं चित्र हललं, कारण फ्रेंच गोष्टी दिवाणखान्यातूनच आत आलेल्या असणार. लाल टोपीवालीचीच गोष्ट घ्या, पेरोने १६९७ ला ती फ्रेंचमध्ये छापली त्यात लांडगा मुलीला खातो आणि गोष्ट संपते, शिकारीबिकारी कोणी नाही, वर पोरींनी अनोळखी माणसांशी बोलू नये असा पद्यात उपदेश. पोट फाडून सोडवणारा शिकारी ग्रिमकडे येतो.

म्हणजे कांदा सोलत बसल्यासारखं आहे, आत मूळ गोष्ट मिळणार नाही. मुलीला जी एडिशन वाचताना तुम्हाला स्वतःला मजा येईल ती वाचा. १८१२ ची हवी असेल तर जॅक झाइप्सचं इंग्रजी भाषांतर २०१४ ला आलंय, पण आधी एकट्याने वाचा, रापुन्झेलच्या कपड्यांवरचा प्रश्न आठ वर्षांची मुलगी विचारणारच.

प्रश्न : एका व्याख्यानात ऐकलं की मध्ययुगात बालपण ही कल्पनाच नव्हती, मुलांना छोटी माणसं समजायचे. मग बालसाहित्य कुठून असणार? पटतं का तुम्हाला?

वक्ते फिलिप आरिएस हा फ्रेंच इतिहासकार वाचून आलेले दिसतात. १९६० ला त्याचं पुस्तक फ्रान्समध्ये आलं, दोन वर्षांनी इंग्रजीत, आणि तेव्हापासून व्याख्यानांत ते वाक्य फिरतंय. गंमत म्हणजे हा माणूस नोकरी करायचा उष्ण कटिबंधातल्या फळांवरच्या एका संशोधन संस्थेत, इतिहास सुट्टीच्या दिवशी, आणि तरी त्याने एक अख्खा विषय उभा केला. त्यासाठी त्याला मानलंच पाहिजे. निष्कर्ष मात्र जसाच्या तसा टिकला नाही. लिंडा पोलॉकने १९८३ ला शेकडो डायऱ्या आणि आत्मचरित्रं वाचून दाखवलं की आईबाप मुलांबद्दल वेगळाच विचार करत होते, निकोलस ऑर्मने २००१ ला मध्ययुगीन इंग्लंडमधल्या मुलांवर जाडजूड पुस्तक लिहिलं, त्यात खेळणी, गाणी, शाळेतल्या वह्या सगळं आहे. इंग्रजी कवी चॉसरने १३९१ च्या सुमारास आपल्या दहा वर्षांच्या मुलासाठी, ल्युइससाठी, खगोलयंत्र कसं वापरायचं ते सोप्या इंग्रजीत लिहून काढलं, लॅटिन अजून नीट येत नाही म्हणून. छोटा माणूस समजणारा बाप हे करेल?

आणि रशियातल्या नोव्हगोरोदमध्ये १९५६ ला बर्चच्या सालीवर ओन्फिम नावाच्या सहासात वर्षांच्या मुलाचा अभ्यास सापडला, तेराव्या शतकातला. बाराखडी गिरवता गिरवता पठ्ठ्या कंटाळलाय आणि खाली घोडेस्वार काढलाय, शत्रूच्या अंगात भाला, शेजारी नाव स्वतःचं. दुसऱ्या सालीवर एक शेपटीवालं जनावर आणि त्यावर लिहिलंय, मी रानटी जनावर आहे. वक्त्यांना तेवढं चित्र दाखवा.

प्रश्न : मी नववीत आहे. रिंगा रिंगा रोझेस हे गाणं प्लेगबद्दल आहे हे खरं का? आमच्या ग्रुपमध्ये वाद झालाय. रोझेस म्हणजे अंगावरचे चट्टे, शिंका म्हणजे लक्षण, आणि खाली पडणं म्हणजे मरणं.

नाही गं, आणि वाद तू जिंकावास म्हणून कारणं देतो. लंडनचा मोठा प्लेग १६६५ चा, आणि हे गाणं इंग्लंडमध्ये छापलेलं दिसतं ते १८८१ ला केट ग्रीनवेच्या पुस्तकात. मधली दोनशे वर्षं कोणीच लिहून ठेवलं नाही, प्लेगच्या काळात रोज डायरी लिहिणाऱ्या सॅम्युएल पीप्सनेही नाही. जुन्या बऱ्याच रूपांत शिंकाच नाहीत, शेवटी नुसतं वाकून नमस्कार करायचा असतो. आणि शिंका हे प्लेगचं नेहमीचं लक्षणही नाही. प्लेगची गोष्ट चिकटली ती विसाव्या शतकात, दुसऱ्या महायुद्धानंतर जास्तच. आयोना आणि पीटर ओपी या नवराबायकोने हे सगळं तपासलंय. त्यांनी शाळेच्या मैदानावर मुलं काय म्हणतात ते गोळा करण्यात आयुष्य घातलं, १९५९ च्या पुस्तकासाठी साधारण पाच हजार मुलांकडून माहिती घेतली. तुमच्या ग्रुपमधली चिडवायची गाणी तू एका वहीत तारखेसकट लिहून ठेव, चेष्टा करत नाहीये, खरंच ठेव.

प्रश्न : पंचतंत्र हे जगातलं पहिलं बालसाहित्य, हे आपले लोक ठामपणे का सांगत नाहीत?

कारण ते इतकं सरळ नाहीये. तीन मठ्ठ राजपुत्रांना विष्णुशर्मा सहा महिन्यांत शहाणं करतो ही चौकट आहे, पण आतला मजकूर राजनीतीचा, त्यात फसवणूक आहे, व्यभिचार आहे, आणि प्रामाणिक बैलाचा बळी देऊन लबाड कोल्हा मजेत राहतो. मुलांना जे मिळतं ते गाळून मिळतं. माझ्या मते त्याचा प्रवास ‘पहिलं’ या किताबापेक्षा कितीतरी भारी आहे, सहाव्या शतकात इराणच्या दरबारातून पहलवी या जुन्या इराणी भाषेत, आठव्या शतकात इब्न अल-मुकफ्फाकडून अरबीत, तिथून युरोपभर, आणि १६७८ ला फ्रेंच कवी ला फोंतेन चक्क लिहून देतो की यातल्या बऱ्याच गोष्टी मी पिलपे या भारतीय ऋषीकडून घेतल्यात. उलटा प्रवासही बघा. फ्रान्समध्ये बेर्कँ नावाचा लेखक १७८२ पासून मुलांसाठी मासिक काढतो, त्यातला माल बराचसा जर्मन मासिकातून उचललेला, मग ते इंग्रजीत जातं आणि १८२८ ला सदाशिव काशीनाथ छत्रे त्यावरून मराठीत ‘बाळमित्र’ करतात. ही ये-जा शोधायला चार भाषा याव्या लागतात, घोषणा द्यायला एक पुरते.

प्रश्न : आजोबांच्या ट्रंकेत जुनी मुलांची मासिकं आणि पुस्तकं निघाली. बरीच फाटकी, वाळवी नाही पण रेघोट्या भरपूर. रद्दीत द्यायची की साफ करून लॅमिनेट करून ठेवायची?

दोन्ही नको! खोडरबराला हात लावू नका, लॅमिनेशन तर बिलकुल नको, ते परत निघत नाही, आणि सेलोटेपही नको, त्याचा गोंद काही वर्षांत पिवळा पडून कागद खातो. कोरड्या जागी, उन्हापासून लांब, आडवी ठेवा. एकेका पुस्तकाचे फोटो काढा, मुखपृष्ठ, आतलं पान, किंमत, मागच्या जाहिराती, आणि मुख्य म्हणजे जिथे जिथे नाव, तारीख, रेघोटी आहे ते प्रत्येक पान. मग घरात जे कोणी मोठे आहेत त्यांना विचारून हे हस्ताक्षर कुणाचं, हे बक्षीस कुणाला मिळालं होतं, ते वेगळ्या कागदावर लिहा, पुस्तकावर नाही. शब्दकोडी सोडवलेली असतील तर सोनं समजा, वाचकाने मासिकाशी काय केलं ते त्यात दिसतं. नंतर एखाद्या जुन्या लायब्ररीला द्यायची असतील तर ती यादी आणि तो कागद सोबत द्या, आणि देतानाच विचारून घ्या की प्रत खराब म्हणून टाकून तर देणार नाही ना.